तीन मिनिटांची घाई

मुलांनो, तुम्ही रोज शाळेत कसे येता? कोणी चालत येते, कोणी बसने, तर कोणी आईवडिलांच्या मोटारीतून. रस्ता सर्वांचाच असतो. आपल्या मॉरिशसमध्ये त्याच रस्त्यावरून बसगाड्या, मोटारसायकली आणि उसाने भरलेले ट्रक जातात. महाशिवरात्रीच्या दिवसांत गंगा तलावाकडे निघालेले यात्रेकरूही रस्त्यानेच चालतात. म्हणून रस्त्यावर वेगाची मर्यादा ठरवलेली असते. काही चालक ती पाळत नाहीत. त्यांना घाई असते. या घाईने काय मिळते आणि काय जाते, ते पाहू या.

समजा, तुमची शाळा घरापासून ६ किलोमीटर दूर आहे. ताशी ४० किलोमीटर वेगाने मोटार ९ मिनिटांत शाळेत पोहोचेल. ताशी ६० किलोमीटर वेगाने ती ६ मिनिटांत पोहोचेल. म्हणजे किती वेळ वाचला? फक्त ३ मिनिटे!

आता दुसरी बाजू पाहा. मोटारीसमोर अचानक एक मूल धावत आले. ते चालकाला दिसते, मग त्याचा पाय ब्रेकवर जातो. यात साधारण एक सेकंद जातो. तेवढ्यात मोटार पुढे जातच असते. ब्रेक दाबल्यावरही ती लगेच थांबत नाही. ताशी ४० किलोमीटर वेगाची मोटार कोरड्या रस्त्यावर सुमारे २० मीटरवर थांबते. ताशी ६० किलोमीटर वेगाच्या मोटारीला सुमारे ३७ मीटर लागतात. मूल २५ मीटरवर असेल तर? पहिली मोटार त्याच्या आधीच थांबेल. दुसरी मात्र थांबू शकणार नाही.

क्युरपीपसारख्या ठिकाणी पाऊस वारंवार पडतो. ओल्या रस्त्यावर चाके घसरतात आणि मोटार आणखी दूर जाऊन थांबते. ऊस उंच वाढला की वळणापलीकडचे काही दिसत नाही. अशा वेळी वेग अधिकच कमी ठेवावा लागतो.

ताशी ६० किलोमीटर वेगाने जाणारी मोटार भिंतीवर आदळली, तर तो आघात साधारण चार मजल्यांच्या उंचीवरून खाली पडल्यासारखा असतो.

अपघाताची किंमत केवळ मोटारीच्या दुरुस्तीत मोजता येत नाही. कुणाचा हात जातो, कुणाचा पाय जातो. घरातील कमावता माणूस अंथरुणाला खिळला, तर सारे घर अडचणीत येते. आपल्याकडे सरकारी रुग्णालयात उपचार मोफत मिळतात. पण तो खर्च सर्व लोकांनी भरलेल्या करांतूनच होतो. भरधाव मोटारीला पेट्रोलही जास्त लागते, आणि आपल्या देशाला सगळे पेट्रोल बाहेरून विकत आणावे लागते.

२०२१ मध्ये जगभरात रस्त्यावरील अपघातांत सुमारे ११ लाख ९० हजार माणसे मरण पावली. आपल्या संपूर्ण देशाची लोकसंख्या त्याहून थोडीशीच जास्त आहे!

तुम्ही लहान आहात, मोटार चालवत नाही. तरीही तुम्ही पुष्कळ करू शकता. मोटारीत बसल्यावर पट्टा बांधा. बसमधून उतरल्यावर लगेच रस्ता ओलांडू नका. बस जाऊ द्या, दोन्ही बाजूंना पाहा आणि मगच ओलांडा. मोटार भरधाव जात असेल, तर “बाबा, जरा हळू चालवा,” असे नम्रपणे सांगा.

महाराष्ट्रातील रस्त्यांवर ‘अति घाई संकटात नेई’ अशी पाटी दिसते. ती आपणही लक्षात ठेवू या. तीन मिनिटे उशीर झाला तरी चालेल. पण सर्वांनी सुखरूप घरी पोहोचले पाहिजे.

स्वाध्याय

१. ब्रेक दाबल्यावर मोटार लगेच का थांबत नाही?
२. पावसात वेग कमी का ठेवावा?
३. शाळेच्या मैदानावर २० मीटर आणि ३७ मीटर अंतर मोजा. दोन्ही ठिकाणी खुणा करा. किती फरक दिसतो, ते वर्गात सांगा.