तीन बशा गहू

त्या वर्षी आमच्याकडे घट बसला नाही. २०१९ च्या श्रावणात हे गेले. वर्षश्राद्धापर्यंत सणवार नाहीत, असं घरात ठरलं. नवरात्रात देवघराचा तो कोपरा रिकामा पाहून मात्र गलबलून आलं. शेवटी मुलगा मला आपल्याकडे, फ्रान्समधल्या मार्सेयला घेऊन गेला.

४ डिसेंबरला व्याह्यांनी तीन बशांत ओल्या कापसावर गहू पसरले. मी बघतच राहिले! सुनेनं सांगितलं, आज सेंट बार्बराचा दिवस. प्रोव्हान्समध्ये आज पेरलेला गहू नाताळपर्यंत सरळ, हिरवागार वाढला, की येणारं वर्ष भरभराटीचं मानतात. म्हणजे आपल्या घटाची परडीच की! आपल्याकडे नऊ दिवस, तिथे तीन आठवडे. थंडी केवढी!

सजावट म्हणून बाजारातून आली ती अंकुरांना बांधायची लाल फीत. चोवीसच्या रात्री टेबलावर एकावर एक तीन पांढरी कापडं, तीन मेणबत्त्या, बिनमांसाचं जेवण. मग तेरा गोड पदार्थ. नाव दणदणीत, पण त्यांत बरेचसे मनुका, सुकी अंजिरं, बदाम, अक्रोड असेच. एक पान जास्तीचं होतं, दारी येणाऱ्या गरिबासाठी. त्या रिकाम्या पानाकडे माझी नजर पुन्हा पुन्हा जात होती.

विहीणबाई मूळच्या रशियाच्या. त्यांचा नाताळ ७ जानेवारीला, कारण तिथल्या चर्चचं जुनं पंचांग तेरा दिवस मागे आहे. सोव्हिएत काळात नाताळ उघडपणे करणं अवघड होतं. सजवलेलं झाडसुद्धा १९३५ नंतर परत आलं ते नववर्षाचं म्हणून. त्यांची आजी दार लावून गहू शिजवायची.

६ तारखेला त्या दिवसभर उपाशी राहिल्या. पहिली चांदणी दिसल्यावर त्यांनी वाटीत शिजवलेले गहू, मध आणि खसखस घालून माझ्यापुढे ठेवली. याला म्हणतात 'कुत्या'. आपल्या गव्हाच्या खिरीची थेट बहीण! मी हात मागे घेतला. म्हटलं, "विहीणबाई, यंदा आम्हाला सण नाही हो."

सुनेनं ते त्यांना सांगितलं. त्या थोडा वेळ गप्प राहिल्या. मग म्हणाल्या, "आमच्यात माणूस गेल्यावरही हीच करतात. आजी गेली तेव्हा मी केली होती."

मी वाटी जवळ ओढली. अर्धी संपल्यावर विचारलं, "गहू किती वेळ भिजवता?"

"रात्रभर."

"आम्हीही."