देवमाशाचा वाटा, निर्णयाचा वाटा

उत्कियागविक (अलास्का), जून : अमेरिकेच्या सर्वांत उत्तरेकडच्या या गावात मे महिन्यात उगवलेला सूर्य ऑगस्टपर्यंत मावळत नाही. नकाशावर याचे नाव बॅरो होते. २०१६ मध्ये मतदान घेऊन गावाने इथल्या इनुपियाक मूळनिवासींच्या भाषेतले आपले जुने नाव परत घेतले. गावाला बाहेरून येणारा एकही रस्ता नाही. किराणा विमानाने येतो, अवजड माल उन्हाळ्यात बर्फ हटल्यावर बार्जने. साहजिकच दुकानातले अन्न फार महाग. तरीही इथल्या शिकारीला नुसता महागाईवरचा उतारा समजले, तर हा मुलूख कळणारच नाही.

सध्या नालुकाताक या उत्सवाचे दिवस आहेत. वसंतात ज्या कप्तानांना बोहेड देवमासा मिळाला, ते साऱ्या गावाला जेवू घालतात. कॅरिबूचे गरम सूप, मुरवलेले मांस आणि मक्तक, म्हणजे चरबीसकट कातडी, हे सगळे रांगेने वाढले जाते. घरी न्यायलाही वाटा मिळतो. हे मांस विकत मिळत नाही; विकायला कायद्याची मनाई आहे आणि रीतीचीही. इथे कप्तान होणे म्हणजे इंधन, दारूगोळा आणि साऱ्या चमूच्या जेवणाचा खर्च उचलणे. उमियाक ही होडी दाढीवाल्या सीलच्या कातड्यांची. बायका ती कातडी कॅरिबूच्या स्नायूंच्या दोऱ्याने अशी शिवतात की पाणी आत शिरत नाही. नोकरीतून आलेला पैसा शिकारीत जातो आणि शिकार गावभर वाटली जाते.

ही व्यवस्था एकदा मोडता मोडता वाचली. १८४८ मध्ये बेरिंगच्या सामुद्रधुनीपलीकडे पहिले अमेरिकन व्हेलिंग जहाज शिरले. दिव्याच्या तेलासाठी आणि कॉर्सेटमध्ये घालायच्या लवचिक पट्ट्यांसाठी पुढची सहा दशके बोहेडचा संहार चालला. जहाजे निघून गेली, इनुपियाक राहिले. आणि १९७७ मध्ये आंतरराष्ट्रीय व्हेलिंग आयोगाची बंदी आली ती त्यांच्यावर. दोन हजारांहून जास्त देवमासे उरले नसावेत, असा अंदाज होता.

शिकाऱ्यांचे म्हणणे होते की मोजणीच चुकली आहे. निरीक्षक बर्फाच्या उंचवट्यावर बसून मोकळ्या पाण्यातून जाणारे देवमासे मोजत. पण देवमासे किनाऱ्यापासून दूरवरूनही जातात आणि बर्फाखालूनही; श्वास घ्यायला ते डोक्याने बर्फ फोडतात. हॅरी ब्रोवर सीनियर यांच्यासारखे जाणते कप्तान हे शास्त्रज्ञांना धीराने समजावत राहिले. शिकाऱ्यांनी अलास्का एस्किमो व्हेलिंग कमिशन स्थापन केले, वाटाघाटी केल्या, आणि १९७८ साठी १२ देवमासे पकडण्याची किंवा १८ वर हार्पून चालवण्याची परवानगी मिळवली. नॉर्थ स्लोप बरो या स्थानिक स्वराज्य संस्थेने तेलउद्योगावरच्या करातून संशोधनाला पैसा पुरवला. पाण्यात हायड्रोफोन सोडले गेले, आणि बर्फाआडून जाणाऱ्या देवमाशांचे आवाज नोंदले गेले. कप्तान खरे बोलत होते. पुढे संख्या वाढतही गेली. २०११ च्या मोजणीचा अंदाज १६,००० च्या वर आहे.

जमिनीवरचा कायदा मात्र गुंतागुंतीचा आहे. १९७१ च्या कायद्याने मूळनिवासींना ४ कोटी ४० लाख एकर जमीन आणि सुमारे ९६ कोटी डॉलर दिले, पण शिकारीचे आणि मासेमारीचे परंपरागत हक्क संपुष्टात आणले. १९८० च्या कायद्याने केंद्राच्या जमिनीवर उपजीविकेच्या शिकारीला अग्रक्रम दिला, तोही ग्रामीण रहिवाशांना, मग ते मूळनिवासी असोत वा नसोत. नोकरीसाठी किंवा उपचारासाठी अँकरेज शहरात स्थायिक झालेला माणूस आपल्याच नदीवर हा हक्क गमावतो. १९८९ मध्ये राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने असा ग्रामीण अग्रक्रम राज्यघटनेत बसत नाही असे ठरवले. परिणामी केंद्राच्या जमिनीवर एक नियम, राज्याच्या जमिनीवर दुसरा. सागरी सस्तन प्राण्यांसाठी आणखी वेगळा कायदा आहे. किनाऱ्यावर राहणाऱ्या मूळनिवासींना १९७२ पासून या प्राण्यांच्या शिकारीची मुभा आहे.

हक्कांचा हा प्रश्न आज सर्वांत तीव्र आहे तो युकॉन नदीवर. तिथले चिनूक सॅमन मासे इतके घटले की एप्रिल २०२४ मध्ये अलास्का आणि कॅनडा यांनी सात वर्षांसाठी चिनूकची मासेमारी थांबवण्याचा करार केला. तापते पाणी, माशांचे आजार, समुद्रात बदललेले अन्न अशी अनेक कारणे पुढे येतात. पण युकॉनकाठी मासे वाळवण्याचे मांडव रिकामे असताना बेरिंग समुद्रात पोलॉक मासे पकडणारी मोठी ट्रॉलर जहाजे चालतात आणि त्यांच्या जाळ्यांत थोडे सॅमनही सापडतात. ऱ्हासात त्यांचा हिस्सा किती, यावर वाद आहे. चिनूकच्या वाटणीत नदीकाठच्या लोकांच्या वाट्याला शून्य आले, याबद्दल वाद नाही. आणि मासेमारीचे उन्हाळी तळ बंद राहिले, की लहान मुलांचे शिक्षणही थांबते: मासा कसा चिरायचा, त्याला धुरी कशी द्यायची, पहिला वाटा कोणाला पोचवायचा.

म्हणून नदीकाठच्या जमाती जिथे कोटे ठरतात तिथे मताचा अधिकार मागत आहेत. ही मागणी मला पूर्णपणे रास्त वाटते. बोहेडचा प्रश्न कप्तानांना बाजूला ठेवून सुटला नाही. ते मोजणीत आणि व्यवस्थापनात आले तेव्हा देवमासाही राहिला आणि गावही. बंदी आवश्यक असेल तेव्हा ती पाळण्याची तयारी या लोकांकडे आहे, युकॉनवर ते ती पाळतही आहेत. ज्यांच्याकडून त्याग मागायचा, त्यांना निर्णयातही वाटा दिला पाहिजे.