सोयाबीनची पेरणी आणि मळणी

वर्धा शहराला लागून असलेल्या सिंदी मेघे गांवाकडून पावसाळ्यांत शिवाराच्या बाजूस निघालें, तर कपाशी-तुरीच्या जोडीला गुडघाभर उंचीचें एक हिरवेंगार पीक दृष्टीस पडतें. तें सोयाबीन होय. शहरांतील कुटुंबांना तें तेलाच्या डब्यावरील नांवानें परिचित आहे. परंतु तें वेळेवर घरांत येण्यासाठीं शेतकऱ्याला किती दक्ष राहावें लागतें, याची कल्पना थोड्यांनाच असते.

वर्ध्याला हें धान्य अगदीं नवें नाहीं. १९३५ सालीं महात्मा गांधींनीं येथील मगनवाडींत त्याचा आहारांत प्रयोग केला व ‘हरिजन’ पत्रांतून त्याविषयीं लिहिलें. दाण्यांत शेंकडा सुमारें ४० भाग प्रथिनें व २० भाग तेल, हा त्याचा मोठा गुण. विदर्भाच्या शेतांत मात्र तें सुमारें अर्धशतकानंतर पसरलें, तेंही मुख्यतः तेलगिरण्यांसाठीं. शंभरएक दिवसांत, दिवाळीच्या सुमारास, पैसा हातीं देणारें पीक म्हणून शेतकऱ्यानें तें जवळ केलें.

मृगाच्या पहिल्या सरींवर भुलून पेरणी करणें धोक्याचें असतें. ७५ ते १०० मिलिमीटर पाऊस होऊन काळ्या जमिनींत ओल मुरली, म्हणजे दोन ओळींत ४५ सेंटिमीटर अंतर ठेवून ३ ते ५ सेंटिमीटर खोलीवर बीं पेरतात. तत्पूर्वीं त्यास रायझोबियम नांवाच्या जिवाणूंचें खत चोळतात. हे जिवाणू मुळांवर गांठी करून राहतात आणि हवेंतील नत्र पिकाला मिळवून देतात.

परंतु पीक वाढविण्यापेक्षां तें घरीं आणणें अधिक कठीण. सप्टेंबरच्या अखेरीस पानें पिवळीं पडून गळतात व शेंगा वाळतात. उशीर झाला, तर शेंगा तडकून दाणे भुईवर सांडतात. घाई केली, तर ते ओले राहतात. त्यांतच परतीचा पाऊस गांठतो. विळ्यानें कापलेलें पीक दोन-तीन दिवस उन्हांत वाळवून, गंजी लावून ताडपत्रीनें झांकतात व मग मळणीयंत्रांत घालतात. गंजींत पाणी शिरलें, तर दाण्यांना बुरशी लागते, कोंब फुटतात आणि साऱ्या हंगामाचे श्रम मातीमोल होतात.

अमेरिकेंत इलिनॉय, आयोवा या राज्यांत मे महिन्याच्या सुमारास पेरलेलें सोयाबीन शरद ऋतूंत एकाच अजस्र यंत्रानें कापून मळलें जातें. ओलावा अधिक असल्यास यंत्राच्या वाऱ्यानें दाणे सुकवून कोठारांत भरतात. वर्ध्याच्या लहान शेतकऱ्याजवळ सुकविण्याचें साधन एकच, तें म्हणजे ऊन. सरकारी खरेदींत तर ओलावा शेंकडा १२ हून अधिक नसावा, असा नियम. २०२४ च्या हंगामांत ती मर्यादा १५ पर्यंत शिथिल झाली. त्या वर्षीं आधारभूत दर क्विंटलला ४,८९२ रुपये होता. नियमांत न बसणारा माल व्यापारी देईल त्या भावानें विकावा लागतो.

याहून सूक्ष्म हानि मळणींत होते. सोयाबीनची साल पातळ असून अंकुर तिच्या लगतच असतो. यंत्र वेगानें फिरलें, तर दाणा दिसावयास अखंड राहतो, पण आंतला अंकुर दुखावतो. म्हणून बियाण्याची मळणी करतांना फेरे मिनिटाला ४०० च्या आंत ठेवतात. पोतीं आपटत नाहींत व त्यांची थप्पी उंच रचत नाहींत. पेरणीपूर्वीं १०० दाणे ओल्या गोणपाटांत गुंडाळून ठेवावे. त्यांतील निदान ७० उगवले, तर बीं पेरण्यास योग्य समजतात. हें पीक स्वपरागसिंचित असल्यानें सुधारित वाणाचें बीं दोन-तीन वर्षें घरचेंच वापरतां येतें व विकतच्या बियाण्याचा खर्च वांचतो.

ऑक्टोबरांत वर्ध्याकडील एखाद्या अंगणांत ताडपत्रीवर दाणे पसरलेले दिसतात. त्यांत त्या घरची दिवाळी असते आणि पुढील मृगाचें बींही असतें.