धनादेश अनादर : फिर्यादीची गैरहजेरी आणि अपिलाचा मार्ग

आपल्या देशातील व्यापार मोठ्या प्रमाणावर उधारीवर चालतो. माल आज मिळतो, पैसे दोन-तीन महिन्यांनी; या व्यवहाराला आधार असतो तो पुढील तारखेच्या धनादेशाचा. तो न वटल्यास लहान पुरवठादाराचे खेळते भांडवल अडकते आणि कामगारांचे वेतनही लांबते. धनादेशावरील विश्वास टिकावा यासाठी परक्राम्य संलेख अधिनियम, १८८१ मध्ये १९८८ च्या दुरुस्तीने कलम १३८ समाविष्ट करण्यात आले. १ एप्रिल १९८९ पासून लागू झालेल्या या तरतुदीने मूलतः दिवाणी स्वरूपाच्या देण्याला फौजदारी जबाबदारीची जोड दिली. दोन वर्षांपर्यंत कारावास, धनादेशाच्या दुपटीपर्यंत दंड किंवा दोन्ही, अशी शिक्षा त्यात आहे.

खटला सहा महिन्यांत निकाली काढण्याचा प्रयत्न करावा, असे कलम १४३ सांगते. प्रत्यक्षात, सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये नोंदविल्यानुसार, ३१ डिसेंबर २०१९ रोजी प्रलंबित असलेल्या २.३१ कोटी फौजदारी प्रकरणांपैकी ३५.१६ लाख प्रकरणे कलम १३८ खालील होती. तारखांमागून तारखा पडतात आणि एखाद्या तारखेला फिर्यादी हजर राहू शकत नाही. त्याचा परिणाम गंभीर असतो.

फौजदारी प्रक्रिया संहिता, १९७३ च्या कलम २५६ नुसार समन्स खटल्यात फिर्यादी गैरहजर राहिल्यास दंडाधिकारी आरोपीस दोषमुक्त करतात. मात्र योग्य कारणासाठी सुनावणी तहकूब करता येते. तसेच फिर्यादीचे वकील उपस्थित असल्यास किंवा त्याची जातीने उपस्थिती आवश्यक नसल्यास खटला पुढे चालविता येतो. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २७९ मध्ये याच तरतुदीला महत्त्वाची जोड मिळाली आहे : दोषमुक्तीपूर्वी फिर्यादीस हजर राहण्यासाठी तीस दिवसांची मुदत द्यावयाची आहे. त्या दिवशी प्रलंबित असलेल्या खटल्यांना मात्र सामान्यतः जुनीच संहिता लागू राहते.

या नियमाचा हेतू रास्त आहे. फिर्याद दाखल करून ती रेंगाळत ठेवणाऱ्या फिर्यादीपासून आरोपीचे संरक्षण व्हावे, हा तो हेतू. परंतु नियमाचा वापर यांत्रिकपणे होऊ नये. असोसिएटेड सिमेंट कंपनी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्ये दोन कसोट्या सांगितल्या : तहकुबी देण्याजोगी परिस्थिती नव्हती काय, आणि त्या दिवशी फिर्यादीची उपस्थिती खरोखर आवश्यक होती काय? फिर्यादीची साक्ष आधीच पूर्ण झाली असेल, तर केवळ एका गैरहजेरीमुळे दोषमुक्ती देणे या कसोटीवर टिकणे कठीण असते.

आदेश झाल्यानंतर तोच दंडाधिकारी खटला पुनःस्थापित करू शकत नाही. तसा अधिकार त्याला संहितेने दिलेला नाही. म्हणून अपील हाच मार्ग उरतो. पूर्वापार मार्ग कलम ३७८(४) चा : फिर्यादीने साठ दिवसांच्या आत उच्च न्यायालयाकडे अपिलासाठी विशेष परवानगी मागावयाची. नव्या संहितेत ही तरतूद कलम ४१९ मध्ये आहे. दुसरा मार्ग सर्वोच्च न्यायालयाने ८ एप्रिल २०२५ रोजी सेलेस्टियम फायनान्शियल प्रकरणात स्पष्ट केला. धनादेश न वटल्याने आर्थिक हानी सोसणारा फिर्यादी हा ‘पीडित’ही असतो, म्हणून कलम ३७२ च्या परंतुकाखाली तो विशेष परवानगीविना अपील करू शकतो, असे न्यायालयाने म्हटले. हे अपील दोषसिद्धीविरुद्धचे अपील ज्या न्यायालयात चालते तेथे, म्हणजे दंडाधिकाऱ्याच्या आदेशाबाबत सत्र न्यायालयात, दाखल होते. नव्या संहितेत हे परंतुक कलम ४१३ मध्ये आहे.

येथे धनादेशामागील देणे खरे की खोटे, याचा निवाडा सहसा होत नाही, कारण खालच्या न्यायालयाने पुरावा तोललेलाच नसतो. गैरहजेरीचे कारण, फिर्यादीची पूर्वीची वर्तणूक आणि खटल्याचा टप्पा पाहिला जातो. वैद्यकीय कागदपत्रे आणि तारखांची नोंद यांना म्हणूनच महत्त्व आहे. अपील मंजूर झाल्यास खटला गुणवत्तेवर चालविण्यासाठी परत पाठविला जातो; कधी फिर्यादीवर खर्चाचा बोजाही टाकला जातो.

अर्थशास्त्राच्या दृष्टीने यात प्रश्न प्रोत्साहनाचा आहे. फिर्यादी थकून गैरहजर राहील, ही शक्यता जितकी अधिक, तितका आरोपीला दिरंगाईचा लाभ अधिक. लहान पुरवठादाराला प्रत्येक तारखेसाठी दिवसाची कमाई सोडावी लागते. मोठ्या वित्तसंस्थेला प्रतिनिधी पाठविता येतो. तीस दिवसांची मुदत आणि परवानगीविना अपील या दोन्ही बाबी ही विषमता काही अंशी कमी करतात. तथापि, खटले वेळेत निकाली निघाल्याखेरीज धनादेशाची पत पूर्णपणे सावरणार नाही.