विश्लेषण : ‘पब्जी’चा पूर्वज ‘डेझी’... नवखे खेळाडू पहिल्याच तासात का मरतात? तगून राहायचे कसे?

‘पब्जी’त मेलेला खेळाडू मिनिटाभरात पुढच्या डावासाठी विमानात बसतो. ‘डेझी’मध्ये मात्र मरण महाग आहे. तासन् तास वणवण करून जमवलेली बंदूक, सॅक, औषधे, कपडे सगळे मृतदेहाबरोबर तिथेच राहते आणि खेळाडू पुन्हा रिकाम्या हाताने समुद्रकिनाऱ्यावर उभा राहतो. शिकवणारी सूचना नाही, ध्येय दाखवणारा बाण नाही आणि ‘तुम्ही जिंकलात’ असा फलकही नाही. जगातील सर्वांत निष्ठुर ऑनलाइन गेमपैकी एक अशी ख्याती असलेला हा गेम अनेक जण उत्साहाने घेतात आणि दोन-चार दिवसांत वैतागून सोडून देतात. त्याचे कारण बहुतेकदा बंदुकीचा नेम चुकणे हे नसते. 

हा गेम नेमका काय आहे?

‘डेझी’ हा ‘सर्व्हायव्हल शूटर’ म्हणजे तगून राहण्याचा आणि प्रसंगी गोळीबाराचा ऑनलाइन गेम. चेर्नारस नावाच्या काल्पनिक, पूर्वीच्या सोव्हिएत प्रजासत्ताकासारख्या देशात साथ पसरली आहे. बहुतेक लोक हिंस्र ‘इन्फेक्टेड’ झाले आहेत आणि खेळाडू वाचलेल्या मोजक्या माणसांपैकी एक आहे. अधिकृत सर्व्हरवर एका वेळी ६० पर्यंत खेळाडू असतात आणि नकाशा सुमारे २२५ चौरस किलोमीटरचा. त्यामुळे तासभर कोणीही भेटत नाही आणि मग अचानक एका वळणावर कोणीतरी समोर उभे ठाकते.

न्यूझीलंडच्या लष्करात काम केलेल्या डीन हॉल यांनी २०१२ मध्ये ‘आर्मा २’ या युद्धगेमवर ‘मॉड’ म्हणून, म्हणजे मूळ गेममध्ये बदल करून, ‘डेझी’ तयार केला. ब्रुनेईच्या जंगलातील लष्करी प्रशिक्षणात भूक आणि थकव्याचा जो अनुभव त्यांना आला, त्यातून ही कल्पना सुचली. काही महिन्यांतच या मॉडचे दहा लाखांवर वापरकर्ते झाले. ‘आर्मा’ बनवणाऱ्या ‘बोहेमिया इंटरॅक्टिव्ह’ या चेक कंपनीने डिसेंबर २०१३ मध्ये त्याची स्वतंत्र, पण अपूर्ण आवृत्ती विक्रीस आणली. पूर्ण आवृत्ती येण्यास डिसेंबर २०१८ उजाडले. पुढील वर्षी तो एक्सबॉक्स आणि प्लेस्टेशनवरही आला. चेर्नारसचा देश खोटा असला तरी त्याची भूमी खरी आहे. चेक प्रजासत्ताकाच्या उत्तरेकडील उस्ती नाद लाबेम परिसरातील डोंगर-दऱ्यांवरून हा नकाशा बेतलेला आहे.

‘पब्जी’शी त्याचे नाते काय?

ब्रेंडन ग्रीन या आयरिश तरुणाने ‘डेझी’च्याच मॉडमध्ये बदल करून २०१३ मध्ये ‘बॅटल रॉयल’ हा प्रकार आणला. सगळ्यांनी एका बेटावर उतरायचे, शस्त्रे शोधायची आणि शेवटी एकानेच उरायचे. हीच कल्पना पुढे २०१७ मध्ये ‘पब्जी’ झाली. तिची मोबाइल आवृत्ती भारतात गल्लोगल्ली पोहोचली, सप्टेंबर २०२० मध्ये केंद्र सरकारने तिच्यावर बंदी घातली आणि २०२१ मध्ये ‘बीजीएमआय’ या नावाने गेम परतला. त्यामुळे ‘पब्जी’ खेळलेल्या मराठी तरुणाला ‘डेझी’तली लूट, सॅक, हेल्मेट ओळखीचे वाटते. तिथेच त्याची फसगत होते. ‘पब्जी’चा डाव अर्ध्या तासात संपतो आणि आकसणारे वर्तुळ खेळाडूंना एकमेकांसमोर ढकलते. ‘डेझी’त डावच नसतो. एकच आयुष्य असते आणि ते संपेपर्यंत चालते. ‘पब्जी’त धावणारा, दिसेल त्यावर गोळी झाडणारा खेळाडू टिकतो. ‘डेझी’त तो सर्वांत आधी मरतो.

नवखे पहिल्याच तासात का मरतात?

नवा खेळाडू चेर्नारसच्या पूर्व किंवा दक्षिण किनाऱ्यावर अवतरतो. अंगावर साधे कपडे आणि खिशात एखादे फळ व किरकोळ वस्तू. पडद्याच्या कोपऱ्यात पाणी, अन्न, तापमान, रक्त आणि आरोग्य यांची चिन्हे असतात. बहुतेक नवखे त्यांच्याकडे दुर्लक्ष करून थेट बंदूक शोधायला सर्वांत मोठ्या शहराकडे पळतात. किनाऱ्यावरची चेर्नोगोर्स्क, इलेक्ट्रोझावोद्स्क ही शहरे सर्वांनाच जवळ पडतात. त्यामुळे तिथली कपाटे आधीच रिकामी झालेली असतात आणि इन्फेक्टेड मोठ्या संख्येने असतात. त्यातला एक मागे लागतो, धावण्याच्या आवाजाने आणखी तीन येतात, मारामारीत रक्तस्राव सुरू होतो आणि बांधायला चिंधीही नसते. यातून वाचलेला पुढे तहान, भूक किंवा थंडीने मरतो. म्हणजे पहिला शत्रू बंदूकधारी नसून घाई हा असतो.

चिन्हांशेजारचे बाण त्यामुळे महत्त्वाचे. चिन्हाचा रंग आजची स्थिती सांगतो, तर बाण ती कोणत्या दिशेने आणि किती वेगाने बदलते आहे ते सांगतो. थंडीचे चिन्ह निळे होऊन बाण खाली असेल तर हातातले काम सोडून ऊब शोधावी लागते. शरीर ऊब टिकवण्यासाठी ऊर्जा खर्च करते, म्हणून गारठलेल्या खेळाडूला भूकही लवकर लागते.

मग पहिल्या तासात काय करावे?

पहिले काम पाणी. बहुतेक गावांत हापसा असतो आणि त्याचे पाणी सुरक्षित असते. तळ्याचे किंवा ओढ्याचे पाणी न उकळता प्यायल्यास कॉलरा होऊ शकतो. उकळायला भांडे किंवा शुद्धीकरणाच्या क्लोरीन गोळ्या मिळेपर्यंत हापसाच बरा. मात्र एकदम भरमसाट खाणे-पिणेही धोक्याचे. पोट गच्च भरले की उलटी होते आणि कमावलेले पाणी-अन्न वाया जाते.

दुसरे काम धार. घरात सुरी मिळाली नाही तर जमिनीवर सापडणाऱ्या लहान दगडांपासून दगडी सुरी करता येते. सुरी असली की निम्मे प्रश्न सुटतात. अंगावरचा जादा शर्ट फाडून चिंध्या होतात, त्यांची जखमेवर पट्टी होते, झाडाची साल काढता येते, कोंबडी कापता येते आणि डबाबंद अन्न उघडता येते.

तिसरे काम आग. काडेपेटी नसेल तर झाडाची साल आणि छोटी काठी यांपासून घासून आग पेटवण्याचे साधन बनते. टोकदार केलेल्या काठीवर मांसाचा तुकडा भाजता येतो. पाऊस किंवा नदीमुळे भिजलेले कपडे आधी पिळावेत आणि मग आगीजवळ वाळवावेत. घरातल्या शेकोटीचा धूर धुराड्यातून बाहेर पडतो आणि तो इतरांना दिसतो, हेही लक्षात ठेवावे.

चौथे काम नियमित अन्न. डबे शोधत घरोघर फिरणे हा जुगार आहे. त्यापेक्षा गावातल्या कोंबड्या, फळझाडांखालची सफरचंदे-नासपती आणि मासे यांवर अनुभवी खेळाडू विसंबतात. काठी, दोर आणि हाडाचा गळ यांपासून मासेमारीची काठी तयार होते. समुद्र आणि तळी आटत नाहीत, त्यामुळे ज्याला मासे पकडता येतात तो सहसा उपाशी मरत नाही.

आजार आणि जखमा इतक्या खऱ्या का?

या गेमची भीती तपशिलात आहे. जनावर सोलल्यावर हात रक्ताने माखतात. ते न धुता खाल्ले तर पोट बिघडते. न भाजलेल्या मांसाचेही तेच. अस्वच्छ चिंधी जखमेवर बांधली तर संसर्ग होऊ शकतो, म्हणून ती जंतुनाशकाने शुद्ध करून घ्यावी लागते. उंचावरून उडी मारल्यास पाय मोडतो आणि काठ्या व चिंध्यांचा आधार बांधेपर्यंत नीट चालता येत नाही. दुसऱ्याला रक्त देता येते, पण रक्तगट न जुळल्यास रुग्ण दगावू शकतो. माणसाचे मांस खाणाऱ्याला ‘कुरू’ हा मेंदूचा आजार होतो आणि त्याचे पात्र अवेळी हसत-थरथरत राहते. पापुआ न्यू गिनीतील फोरे जमातीत हा आजार खरोखरच आढळला होता.

शिवाय सॅकमध्ये जितके वजन, तितका धावण्याचा दम कमी. चार बंदुका घेऊन फिरणारा नवखा इन्फेक्टेडपासूनही पळू शकत नाही. 

दिशा कशी ओळखावी?

पडद्यावर नकाशा नसतो. समुद्र पूर्वेला आणि दक्षिणेला आहे, एवढे माहीत असले तरी सुरुवात होते. सूर्य खऱ्यासारखाच पूर्वेकडून पश्चिमेकडे जातो. गावांच्या पाट्या रशियन लिपीत असतात. त्यात इंग्रजी ‘पी’सारखे दिसणारे अक्षर ‘र’, ‘सी’सारखे दिसणारे ‘स’ आणि ‘एच’सारखे दिसणारे ‘न’ वाचायचे. एवढी तीन अक्षरे ओळखली तरी बऱ्याच पाट्यांचा अंदाज येतो. संकेतस्थळांवर चेर्नारसचे तपशीलवार नकाशे आहेत. शेजारी ते उघडून खेळणे गैर मानले जात नाही.

बंदूक कधी आणि कुठे?

किनाऱ्यालगत पोलीस ठाण्यांत पिस्तूल आणि शेतघरे, शिकाऱ्यांच्या खोपट्या यांत साध्या बंदुका मिळू शकतात. लष्करी शस्त्रे आतल्या भागात, वायव्येकडील विमानतळ आणि टिसी येथील तळासारख्या ठिकाणी. तिथे सर्वांत मुरलेले खेळाडू दबा धरून असतात. ईशान्येकडील रिफी येथील फुटके जहाज आणि पावलोवो येथील लष्करी तळ विषारी वायूने वेढलेले आहेत. संरक्षक पोशाख नसेल तर तिकडे फिरकू नये. नवख्याने आधी किनारा सोडून आतल्या लहान गावांतून पोट भरत पुढे सरकावे. बंदूक मिळाली तरी झाडण्याआधी दोनदा विचार करावा. एका गोळीचा आवाज दूरवरच्या इन्फेक्टेडना आणि माणसांनाही पत्ता सांगतो. 

अनोळखी माणूस समोर आला तर?

हाच ‘डेझी’चा गाभा आहे. खेळाडूंचा आवाज गेममध्येच अंतराप्रमाणे ऐकू येतो. त्यामुळे समोरच्याशी बोलता येते. तो डबा पुढे करील की गोळी घालील, हे सांगणारा कोणताही नियम नाही. बक्षीस किंवा शिक्षाही नाही. दोघांच्याही पाठीवर तासन् तासांची कमाई असते आणि दोघेही तितकेच घाबरलेले असतात. बहुतेक हत्या लोभापेक्षा या भीतीतून होतात. म्हणून अनुभवी खेळाडूंचा संकेत सोपा आहे : आडोशाला राहून आधी बोलावे, हात रिकामे दाखवावेत, पाठ दाखवू नये आणि अंतर राखावे. ज्याच्याकडे काहीच नाही असा नवखा बोलायला सर्वांत सुरक्षित असतो, कारण त्याला मारून कोणाला काही मिळत नाही. पुष्कळदा अशा नवख्यालाच जुने खेळाडू अन्न आणि कपडे देऊन वाटेला लावतात.

धोका दिसताच गेम बंद करून निसटता येत नाही. बाहेर पडताना १५ सेकंद थांबावे लागते आणि तेवढा वेळ पात्र जागच्या जागी असते. म्हणून झुडपात किंवा निर्जन जागी थांबूनच बाहेर पडावे.

कोणत्या सर्व्हरवर सुरुवात करावी?

प्रथम ज्या सर्व्हरचे ‘पिंग’ कमी, म्हणजे संदेशाची ये-जा वेगाने होते, असा सर्व्हर निवडावा. अधिकृत सर्व्हरवर मूळ नियम असतात. खेळाडूंनी चालवलेल्या सर्व्हरवर व्यापारी, जास्त लूट किंवा माणसांनी माणसांना मारण्यास मनाई असे बदल असू शकतात. हापसा, आग, औषधे यांचा सराव करण्यासाठी हा शेवटचा प्रकार उत्तम. पात्राच्या पाठीमागून दिसणारे दृश्य असलेल्या सर्व्हरवर भिंतीआडूनही डोकावता येते. केवळ पात्राच्या डोळ्यांतून दिसणाऱ्या सर्व्हरवर ते जमत नाही, म्हणून तिथे लढत अधिक समान असते. सुरुवात चेर्नारसवरच करावी. २०२४ मध्ये आलेला साखाल हा बर्फाळ नकाशा मुद्दाम अधिक कठोर आहे.

इतके गमावूनही लोक का खेळतात?

कारण गमावण्याची शक्यता असल्याशिवाय मिळवण्याला किंमत येत नाही. शंभरदा फुकट मिळणाऱ्या रायफलीपेक्षा पावसात भिजून, उपाशीपोटी पेटवलेली पहिली शेकोटी खेळाडूच्या जास्त लक्षात राहते. सामान जाते, पण हापसा कुठे आहे, आवाज कोणत्या दिशेने आला, कोणाच्या बोलण्यात घाई होती, हे शिकलेले जात नाही. दुसरे पात्र पहिल्यापेक्षा आणि दहावे पाचव्यापेक्षा जास्त जगते. म्हणून सॅकमधले सगळे आधीच गेले आहे असे समजून खेळावे, हा सल्ला जुने खेळाडू नव्यांना देतात.

मात्र हा गेम सर्वांसाठी नाही. त्यात हिंसा आहे आणि अनोळखी लोकांशी उघड बोलणे असल्याने शिवीगाळही ऐकावी लागते. लहान मुलांच्या हाती तो देऊ नये. दिवसाकाठी वीस मिनिटेच मोकळी असतील, तर त्यात हाती फारसे लागत नाही. दोन तासांची निवांत बैठक आणि किनाऱ्यावर पुन्हा पुन्हा परतण्याची तयारी असेल, तरच पहिला हापसा शोधायला निघावे.