'ओ सोले मियो' नक्की कुणाचं?

एल्व्हिस प्रेस्लीचं 'इट्स नाऊ ऑर नेव्हर' तुम्ही कधीतरी ऐकलं असेल. 1960 साली गाजलेल्या या गाण्याची चाल मूळची नेपल्सची, 'ओ सोले मियो' या गाण्याची. 1898 सालच्या त्या गाण्याचे शब्द जोव्हानी कापुर्रोचे आणि संगीत एदुआर्दो दी कापुआचं. निदान शंभर वर्षं तरी सगळे असंच धरून चालले होते.

दी कापुआ 1865 साली नेपल्समध्ये जन्मला. ही चाल त्याला वडिलांबरोबर दौऱ्यावर असताना, काळ्या समुद्राकाठच्या ओडेसा शहरात सुचली असं सांगतात. तेव्हा रेडिओ नव्हता. गाणी विकली जायची ती मुख्यतः छापील स्वरलिपीच्या रूपात, आणि तो व्यवहार असायचा प्रकाशकाच्या हातात. त्यामुळे गाणं जगभर पोचलं, एन्रिको कारुसोसारख्या गायकाने 1916 मध्ये त्याची रेकॉर्ड केली, तरी 1917 साली दी कापुआ गरिबीतच गेला. तीन वर्षांनी कापुर्रोही तसाच गेला.

आता खरी गंमत पुढे आहे. दी कापुआबरोबर आल्फ्रेदो माझ्झुक्की नावाचा एक तरुण संगीतकार काम करायचा. 'ओ सोले मियो'च्या छापील प्रतीवर त्याचं नाव नव्हतं. 1972 साली तो वारला आणि त्यानंतर त्याच्या मुलीने 18 गाण्यांवर वडिलांचा हक्क सांगितला. ऑक्टोबर 2002 मध्ये ट्यूरिनच्या न्यायालयाने तो मान्य केला. ही गाणी दोघांनी मिळून केली, म्हणून माझ्झुक्की सहसंगीतकार.

तुम्ही म्हणाल, इतक्या वर्षांनी एक नाव वाढलं तर काय बिघडलं? इथे कायद्याचा हिशेब बघा. युरोपात कॉपीराइट कर्त्याच्या मृत्यूनंतर 70 वर्षं टिकतो (आपल्याकडे 60). कर्ते एकाहून जास्त असतील, तर जो शेवटी जातो त्याच्या मृत्यूपासून मोजायचं. दी कापुआ आणि कापुर्रो दोघंच धरले, तर 1990 मध्ये 70 वर्षं पुरी होतात. माझ्झुक्की धरला की मुदत जाते थेट 2042 पर्यंत! सर्वांचं झालं असं समजलं जाणारं गाणं पुन्हा मालकीचं झालं.

म्हणजे 'संगीतकार कोण' हा प्रश्न फक्त श्रेयाचा नाही. चाल सुचणं, ती कागदावर उतरवणं, तिला घाट देणं ही कामं बरेचदा वेगवेगळे लोक करतात आणि प्रतीवर छापलं जातं एकाचंच नाव. माझ्झुक्कीला न्याय मिळाला हे चांगलंच झालं. पण तो मिळाला त्याच्या मृत्यूनंतर 30 वर्षांनी. ज्यांनी गाणं केलं, त्या तिघांपैकी तो निकाल ऐकायला कुणीच उरलं नव्हतं.