अर्ज मागे घेण्याच्या पुरसिसवर सही करण्यापूर्वी

२२ एप्रिल २००३. तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यातल्या एका साखर कारखान्याचा रखवालदार पहाटे तीनच्या पाळीसाठी मोटारसायकलवरून निघाला. कारखाना पाच किलोमीटरवर असताना अपघातात तो गेला. मागे पत्नी, चार मुले आणि आई.

‘अपघात रस्त्यावर झाला, कारखान्यात नाही; मग भरपाई कसली?’ याच समजापायी लोक अर्ज करत नाहीत किंवा केलेला मागे घेतात. या घराने तो मागे घेतला नाही. उस्मानाबादच्या कामगार नुकसानभरपाई आयुक्तांनी २००९ मध्ये ३,२६,१४० रुपये आणि १२ टक्के व्याज मंजूर केले. उच्च न्यायालयाने २०११ मध्ये तो निकाल फिरवला. २९ जुलै २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने आयुक्तांचा निकाल पुन्हा कायम केला. अपघाताची वेळ, जागा आणि परिस्थिती यांचा नोकरीशी संबंध दिसत असेल, तर कामावर जाता-येतानाचा अपघातही कामाच्या ओघातलाच, असे न्यायालयाने म्हटले. बावीस वर्षे लागली, हे मात्र लाजिरवाणे आहे.

‘आता अर्ज काढून घेऊ, नाही जमले तर पुन्हा टाकू.’ हा समज सर्वांत महागात पडतो. कामगार नुकसानभरपाईच्या १९२४ च्या नियमांनी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या २३व्या आदेशातले अर्ज मागे घेण्याचे नियम आयुक्तांपुढेही लागू केले आहेत. नव्याने दाद मागण्याची परवानगी आदेशात लिहून घेतली नसेल, तर त्याच कारणासाठी पुन्हा दार ठोठावता येत नाही. परवानगी मिळाली तरी मुदत वाढत नाही. १९२३ च्या कर्मचारी नुकसानभरपाई कायद्यात दावा अपघातापासून, मृत्यू झाला असेल तर मृत्यूच्या तारखेपासून, दोन वर्षांत करायचा असतो आणि पहिला अर्ज जणू केलाच नव्हता असे धरून ही मुदत मोजली जाते. उशीर माफ होऊ शकतो, पण त्याला सबळ कारण दाखवावे लागते.

‘मालकाने घरी येऊन पैसे दिले, स्टॅम्पवर सही झाली, विषय संपला.’ नाही. मृत्यूची भरपाई आयुक्तांकडेच जमा करावी लागते. परस्पर दिलेली रक्कम, ठरावीक आगाऊ रक्कम सोडली तर, भरपाई म्हणून धरली जात नाही. हक्क सोडून देणारा करार याच कायद्याच्या कलम १७ प्रमाणे रद्दबातल ठरतो. जखमी कामगाराशी झालेली तडजोडही आयुक्तांकडे नोंदवायची असते. रक्कम अपुरी किंवा सही दबावाने घेतलेली वाटली, तर ते नोंदणी नाकारू शकतात.

अर्ज मागे घेणे नेहमीच चूक असते असेही नाही. वाहन अपघातात मोटार अपघात दावा न्यायाधिकरण किंवा आयुक्त, यांपैकी एकच वाट निवडता येते. मात्र निवड वकिलाशी बोलून, आधीच करावी.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून १९२३ च्या कायद्याच्या जागी सामाजिक सुरक्षा संहिता लागू झाली आहे. त्याआधीच्या अपघातांचे हक्क मात्र वर सांगितलेल्या जुन्या कायद्यानेच ठरतात.

पुरसिस, म्हणजे आयुक्तांपुढे द्यायचे लेखी निवेदन, कोणी पुढे केली, तर ती आधी पूर्ण वाचून घ्या. महिलांना आणि कामगारांना जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून वकील मोफत मिळू शकतो. सहीच्या आधी त्याला भेटा.